न दिसणाऱ्या नवऱ्याची बायको

सुज्ञ वाचकहो, पुढील पानांत वर्ना हॅस्केट नामक एका दुय्यम नटीच्या आयुष्यातील एका आठवड्याची हकिकत यथामती कथन करण्याचे योजिले आहे. मुख्य नायिकांची चरित्रे पुष्कळांनी लिहिली. परंतु जी स्त्री मागील दाराने येते, चार वाक्ये बोलते, लोकांस हसविते आणि पुन्हा मागील दारानेच निघून जाते, तिच्यासाठी लेखणी उचलण्याचे कोणाच्या सहसा मनात येत नाही. प्रस्तुत लेखकाने तिच्या स्टुडिओत अनेक वर्षे सुतारकाम केले, व ते मागील दार त्याच्याच हातचे होते. सबब हे धाडस. या हकिकतीत एक नवरा आहे, जो कधीच नव्हता. आणि एक शुक्रवार आहे, ज्या दिवशी तो होण्याच्या बेतात आला. सावकाश वाचावे, ही विनंती.

सन एकोणीसशे अठ्ठावन्नच्या ऑक्टोबर महिन्यातील तो सोमवार होता. समुद्राकडून आलेले धुके लॉस एंजेलिस शहरावरून अद्याप उठले नव्हते, आणि ताडाची झाडे बुंध्यांवाचून नुसत्या शेंड्यांनिशी हवेत तरंगत असल्याचा भास होत होता. वर्ना हॅस्केट आपली जुनी हिरवी मोटार घेऊन स्टुडिओच्या फाटकातून आत शिरली. नेहमीच्या जागी गाडी लावताना तिचा हात चाकावरच थबकला. शेजारच्या जागेत एक करडी मोटार उभी होती.

"अहो मिस हॅस्केट," फाटकावरचा पहारेकरी लांबूनच ओरडला, "अभिनंदन! तुमचे मालक आले!"

ती जागा लायमन डिमिक यांची होती. डांबरावर पांढऱ्या रंगाने तसे ठळक लिहिलेलेच होते. आता लायमन डिमिक हा मनुष्य जगात नव्हता. म्हणजे निवर्तला नव्हता, मुळात जन्मलाच नव्हता. 'कोपऱ्यावरचे घर' या दूरचित्रवाणीवरील विनोदी मालिकेत वर्ना ही शेजारीण मिसेस डिमिक हिचे काम करी, आणि ही शेजारीण दर आठवड्यास ज्या नवऱ्याची गाऱ्हाणी सांगे, तो नवरा म्हणजे लायमन. पडद्यावर तो कधीही येत नसे. चार वर्षांपूर्वी कचेरीत नव्याने लागलेल्या एका कारकुनाने मोटारींच्या जागांची यादी केली. ज्याचे नाव संहितेच्या पानोपानी येते तो कोणी थोर नट असला पाहिजे, अशा समजुतीने त्याने लायमनला फाटकाजवळची उत्तम जागा देऊन टाकली. चूक उघडकीस आली तेव्हा सारा स्टुडिओ पोट धरून हसला. परंतु तो रंग खरवडण्यास कोणी गेले नाही, आणि त्या जागेत आपली मोटार उभी करण्यासही कोणी धजावले नाही. वर्ना मात्र रोज सकाळी त्या रिकाम्या चौकोनाकडे पाहून मान किंचित लववीत असे.

येथे तिचा पूर्ववृत्तान्त थोडक्यात सांगणे अवश्य आहे. नेब्रास्कातील एका धान्यव्यापाऱ्याची ही कन्या चोवीस वर्षांपूर्वी आगगाडीने या शहरी आली. तिने परिचारिकांची कामे केली, घरमालकिणींची केली, टेलिफोन जोडून देणाऱ्या मुलींची केली. कित्येक बोलपटांत तिचा चेहरा दिसण्यापूर्वीच दृश्य संपे. तिची पाठ मात्र सर्वत्र आहे. पुढे रेडिओवरची कामे आली, त्यानंतर घरोघरी पडद्याची पेटी आली, आणि वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी तिला मिसेस डिमिकचे काम मिळाले. तिने लग्न केले नव्हते. का केले नव्हते, असे विचारल्यास ती म्हणे, "वेळच झाला नाही," आणि ते खरेच होते.

लायमनचा जन्म एका वाक्यातून झाला होता. पहिल्याच भागात मिसेस डिमिक म्हणते, "लायमन यायचा होता, पण तो टबात अडकलाय." लोक हसले. पुढील आठवड्यास लेखकांनी गमतीने तिला विचारले, "काय हो, या आठवड्यात लायमन काय करतोय?" वर्ना क्षणाचाही विलंब न लावता उत्तरली, "त्यानं रेडिओ दुरुस्त केला. चार स्क्रू उरलेत. ते तो बशीत ठेवून बघत बसलाय." लेखकांनी ते तसेच लिहून घेतले. तेव्हापासून सात वर्षे हाच परिपाठ पडला. लायमनला बीटाचे लोणचे आवडे. तो खोकण्यापूर्वी एकदा थांबे, जणू खोकल्याची परवानगी मागतो आहे. पाऊस येणार असला की त्याला ताऱ्यांची नावे आठवत. यांतील निम्म्या गोष्टी लेखकांस ठाऊक होत्या. उरलेल्या निम्म्या तिने कोणाला सांगितल्याच नव्हत्या. आयोवाकडच्या प्रेक्षक बायका त्याच्या खोकल्यासाठी मधाच्या बाटल्या धाडीत, आणि वर्ना प्रत्येकीस स्वहस्ते आभाराचे पत्र लिही. खाली सही करी: 'लायमन आणि मी.'

काम करताना ती मागील दारातून बाहेर पाहून त्याला हाक मारी. त्या दाराबाहेर खरे पाहता रंगविलेले कुंपण, एक शिडी आणि सूर्याच्या जागी टांगलेला मोठा दिवा एवढेच होते. पण तिची नजर कुंपणाच्याही पलीकडे कोठेतरी स्थिरावे, आणि प्रेक्षकांतील तीनशे माणसे माना लांब करून तिकडे पाहत.

त्या सोमवारी सर्व मंडळी लांब मेजाभोवती संहिता वाचावयास बसली तेव्हा निर्माता मिस्टर रॉस्को गॅडिस उभा राहिला. त्याच्या शेजारी एक उंच, वाळका, साठी उलटलेला मनुष्य टोपी मांडीवर घेऊन बसला होता.

"मंडळी, स्पष्टच सांगतो," गॅडिस म्हणाला. "आपल्याच वेळेला पलीकडच्या केंद्रावर घोडे आणि बंदुका दाखवतात, आणि लोक तिकडे पळतायत. आपल्याकडे न वापरलेली एकच गोष्ट शिल्लक आहे. शुक्रवारी लायमन डिमिक घरात येणार. तोंडासकट. हे एमेट क्विल."

मालिकेची नायिका डोडी फॅरडे टाळ्या पिटून ओरडली, "अगं बाई! वर्ना, सात वर्षं लपवून ठेवलंस आम्हांपासून! दात तरी स्वतःचे आहेत का बघू दे!"

"पुढचे आहेत, बाई," एमेट क्विल नम्रपणे म्हणाला. सर्वजण हसले. वर्नाही हसली. तिने आपली सर्व वाक्ये एकदाही न अडखळता वाचली, आणि शेवटचे पान उलटताच उठून वेषगृहात गेली.

वेषगृहाची प्रमुख इनेझ ओचोआ ही तिची जुनी मैत्रीण. तोंडात टाचण्या धरून ती एक करडा कोट उसवीत बसली होती.

"ये, नवरीबाई," इनेझ म्हणाली. "लोकांचे नवरे सात वर्षांनी दिसेनासे होतात. तुझा दिसायला लागला, आणि तू रडतेस होय?"

"रडत नाहीये मी."

"मग नाक कशाला लाल? हा बघ, तुझ्या ध्यानासाठी कोट काढलाय. खांदे सारखेच ठेवते."

"डावा थोडा उतरता ठेव," वर्ना बोलून गेली. "पोरवयात सफरचंदाच्या झाडावरून पडला होता तो."

इनेझचा हात थांबला. तिने तोंडातील टाचण्या एकेक करून काढून उशीत खोचल्या. "हे कुठल्या भागात आलं होतं गं?"

"कुठल्याच नाही."

मग इनेझने खडूने डाव्या खांद्यावर एक रेघ ओढली. "जा, त्या गॅडिसला सांग. माझ्यापाशी बसून काय होणार?"

वर्ना गेली. गॅडिस टेलिफोनवर होता. त्याने तो खाली ठेवला नाही, नुसता छातीशी धरला.

"मिस्टर गॅडिस, त्याला आणू नका. लोक दर आठवड्याला त्याला आपापल्या परीनं बघतात. तुम्ही एक चेहरा दाखवलात की बाकीचे सगळे गेले."

"वर्ना, अगं, कुठले बाकीचे? तो नाहीच आहे. तो कधीच नव्हता. तू दाराकडे बघतेस तिथं एक शिडी आहे."

"शिडी मलाही दिसते," ती म्हणाली.

"हे बघ, तू भली बाई आहेस, म्हणून नीट सांगतो. शुक्रवारी तू दारातून हाक मारायचीस आणि त्यानं आत यायचं. हे जमत नसेल तर मिसेस डिमिक आपल्या बहिणीकडे जाईल, टल्साला. लांब मुक्कामाला. मग लायमन एकटाच शेजारी राहील. विचार कर." आणि त्याने टेलिफोन पुन्हा कानास लावला.

मंगळवार गेला. संहितेत बदल झाला की नवी पाने निराळ्या रंगाच्या कागदावर छापून येण्याचा तेथे रिवाज होता. त्या दिवशी निळी पाने आली, सायंकाळी गुलाबी. रंग बदलले तरी लायमन प्रत्येक वेळी दारातून आत येतच होता. चुकीच्या पत्त्यावर, डिमिकांच्या घरी, आलेली नायिकेची नवी गादी तो पोहोचवावयास येतो, स्वयंपाकघरात फरशीवर चिकटविलेल्या हिरव्या पट्टीपाशी गादी खाली ठेवतो, कपाळ पुसतो, आणि कॅमेऱ्याकडे तोंड करून सहा वाक्ये बोलतो. असे ते दृश्य होते. वर्नाच्या मनात आले की गुलाबी पानांच्या खाली निळी, निळ्यांच्या खाली आणखी कुठली, असे उलटीत गेल्यास अगदी तळाशी तो अजून टबातच बसलेला सापडेल, आणि त्याला तेथेच बसू द्यावे. परंतु नोकरीही तिला हवी होती. तिच्याजवळ दुसरे काहीच नव्हते. आणि जे होते, ते या नोकरीतच राहत होते.

बुधवारी दुपारी उपाहारगृहात ती पीच आणि पनीर घेऊन कोपऱ्यात बसली असता एमेट क्विल आपले सूप सांभाळीत समोर येऊन उभा राहिला.

"बसू का, बाई?"

"जागा कुणाच्या नावाची नाही," ती म्हणाली.

तो बसला. "फाटकाजवळच्या जागेचं म्हणत असाल, तर चूक झाली माझी. त्यांनी सांगितलं तिथं लाव, मी लावली. पहारेकऱ्यानं सगळी हकिकत सांगितली. आजपासून बाहेर रस्त्यावर लावतोय."

वर्नाने मान वर केली. त्याच्या चेहऱ्यात विशेष काही नव्हते. लांब नाक, ओलसर डोळे. तो लायमनचा चेहरा नव्हता, हे तिला स्पष्ट दिसले. पण लायमनचा चेहरा कसा आहे हे आठवू पाहता तिला काहीच आठवेना. सात वर्षांत तिने तो चेहरा कधी पाहिलाच नव्हता. तो नेहमी शेजारच्या खोलीत असे.

"एक विचारायचं होतं," एमेट म्हणाला. "हा माणूस आहे तरी कसा? पानावर सहा वाक्यं आहेत, आणि सहाही गादीबद्दल. मी गॅडिससाहेबांना विचारलं, तर म्हणाले, नवरा आहे, नवऱ्यासारखा चाल."

"मग चाला तसंच."

"तीन वर्षं झाली, मला कुणी बोलायचं काम दिलेलं नाही. मेलेला माणूस, झोपलेला माणूस, गर्दीतला माणूस. हे मिळालंय ते नीट करावं म्हणतो. तुमच्याशिवाय विचारू कुणाला? तुमचेच ते."

सात वर्षांत लायमन काय करतो हे पुष्कळांनी विचारले होते. लायमन कसा आहे, हे कोणीही विचारले नव्हते. वर्नाने चमचा खाली ठेवला. प्रथम तिने खोकल्याविषयी सांगितले. मग तो पायऱ्या मोजीत चढतो आणि शेवटची नेहमी विसरतो, हे सांगितले. तो रागावला की बागेत जाऊन पाण्याचा नळ उघडतो व झाडांना नको असतानाही पाणी घालतो. हिवाळ्यात तो तिच्या बाजूचे अंथरूण आधी गरम करून मग आपल्या बाजूस सरकतो, आणि हे कबूल करीत नाही. बोलता बोलता उपाहारगृहातील ताटांचा आवाज दूर गेला. खिडकीबाहेरचे ऊन नेब्रास्कातील गव्हासारखे पिवळे झाले. आणि वर्ना आपण काय सांगतो आहोत हे स्वतःच प्रथम ऐकत होती. सूप निवून गेले. एमेटने मध्येच एकदाही "हो का" म्हटले नाही.

"आणि तुम्हांला हाक काय मारतात?" त्याने अखेर विचारले.

घंटा झाली. वर्ना उठून गेली. चालता चालता तिला वाटले, आता झाले ते झाले. घरातील सारे सामान आपण आपल्याच हाताने रस्त्यावर आणून मांडले.

शुक्रवारी सायंकाळी पायऱ्यापायऱ्यांच्या बाकांवर तीनशे प्रेक्षक येऊन बसले. तीन कॅमेरे आपापल्या चाकांवर सरसावले. ही मालिका प्रेक्षकांसमोर नाटकाप्रमाणे सलग चित्रित होई. कोणी चुकले तरी दृश्य थांबवावयाचे नाही असा नियम होता. गोष्ट ठरल्याप्रमाणे पुढे सरकली, आणि वर्ना मागील दारापाशी आली. आता तिचे वाक्य होते: 'लायमन! आत ये, सगळे वाट बघतायत!'

तिने बाहेर पाहिले. कुंपण होते, शिडी होती, आणि टांगलेल्या सूर्याच्या उजेडाबाहेर, अर्धवट अंधारात, एमेट क्विल गादी शेजारी टेकवून उभा होता. त्याचा डावा खांदा किंचित उतरलेला होता. तो तिच्याकडेच पाहत होता. घाई न करता, रागही न धरता. ती नजर सांगत होती की तू हाक मारलीस तर येईन, नाहीतर रात्रभर येथेच उभा राहीन, आणि कोणाला सांगणार नाही.

वाक्य तिच्या तोंडून बाहेर पडेना. सात वर्षांत ती प्रथमच अडली होती. नियंत्रणकक्षाच्या काचेआड गॅडिस उठून उभा राहिला.

"मिसेस डिमिक," डोडी फॅरडेने वेळ मारून नेली, "अहो, बोलवा ना त्यांना. की अजून टबातच आहेत?"

लोक हसले. त्या हशात वर्नाला दोन्ही वाटा स्वच्छ दिसल्या. आपण गप्प राहिलो तर लायमन वाचेल. आणि हा मनुष्य, ज्याने त्याच्याविषयी विचारले, पुन्हा गर्दीत जाऊन उभा राहील. तिने डोळे मिटले. लेखकांनी लिहून दिलेल्या चढ्या सुरात नव्हे, तर संध्याकाळी दिवा लावताना घरातल्या माणसाला मारावी तशी, अगदी हळू हाक तिने मारली.

"लायमन. ये रे आत."

बाहेर कोणीतरी क्षणभर थांबले, आणि मग खोकले.

दारातून गादी आत आली. उभी, रुंद, निळ्या पट्ट्यांची गादी. तिच्या दोन्ही कडांना चार चार बोटे दिसत होती आणि खाली दोन बूट. गादी हिरव्या पट्टीपर्यंत आली. तेथे ती खाली ठेवावयाची होती. गादी थांबली, विचार केल्यासारखी थोडी कलली, आणि पुढे चालू लागली. मेजाला धडकली. मेजाची क्षमा मागितली. सहाही वाक्ये गादीच्या मागून आली, अत्यंत सभ्यपणे, आणि दर वाक्याला गादी ज्याच्याशी बोलावयाचे त्याच्याकडे वळे. तीनही कॅमेरे तोंड शोधीत तिच्याभोवती फिरले. जिकडे कॅमेरा जाई तिकडे गादी वळे. लोकांनी बाके बडविली. डोडी फॅरडेला भिंतीचा आधार घ्यावा लागला.

वर्ना तेवढी हसत नव्हती. "लायमन, जपून," ती म्हणाली. हे वाक्य कोणत्याही रंगाच्या पानावर नव्हते. "पुढं पायरी आहे."

"हो गं," गादीमागून आवाज आला. "आहे लक्षात."

आणि गादी पायरीवर ठेचकाळून दुसऱ्या दाराने बाहेर पडली.

दृश्य संपताच गॅडिस लाल होऊन खाली धावत आला. "तोंड कुठं होतं तुझं? तोंडाचे पैसे देतोय मी!"

"साहेब," एमेट टोपी हातात घेऊन म्हणाला, "जुन्या नाटकमंडळीत अकरा वर्षं मी दोघांनी मिळून घालायच्या घोड्याच्या सोंगात मागच्या पायांचं काम केलं. पुढचे पाय करणारा दर हंगामाला बदलायचा. लोक मात्र माझ्यावरच हसायचे. तोंड दिसलं की माणूस संपतो, साहेब."

"मला शहाणपण नको! प्रेक्षक गेले की पुन्हा घेऊ!"

"रॉस्को," डोडी डोळे पुसत म्हणाली, "पुन्हा घेतलंस तर मी घरी जाईन आणि माझं डोकं दुखेल. सोमवारपर्यंत दुखेल."

हशा किती वेळ टिकला हे सेकंदकाट्यावर मोजणारी मुलगी गॅडिसपाशी आली आणि तिने कागद दाखविला. एकोणतीस सेकंद. त्याने कागद उलटा करून पाहिला, पुन्हा सुलटा केला. बराच वेळ तो गादीकडे पाहत राहिला.

"पुढच्या आठवड्यात," तो अखेर एमेटला म्हणाला, "वर्तमानपत्र वाचता येईल का तुला? मोठं वर्तमानपत्र. उघडलेलं."

येणेप्रमाणे एमेट क्विल यांस पुढे दोन वर्षे काम मिळाले. छत्रीआड, पलंगाखाली, धुतलेल्या चादरींच्या मागे असे ते सतत वावरले, आणि त्यांचा चेहरा अमेरिकेत कोणीही पाहिला नाही. मिसेस डिमिकला टल्साला जावे लागले नाही.

परंतु आपली गोष्ट त्या शुक्रवारनंतरच्या शनिवारी सकाळी संपते. वर्नाने कॉफी केली आणि खिडकीपाशी जाऊन बसली. अंगणातील संत्र्याच्या झाडावर धुके होते. तिला भीती वाटत होती. कारण सुटीच्या सकाळी याच वेळी लायमन शेजारच्या खोलीत असे, आणि आज तो असेल की नाही याची तिला खात्री नव्हती. तिने पेला खाली ठेवला व कान दिला.

तो होता. मात्र त्याला आता पाय होते. तपकिरी, टाचेला झिजलेले, नाडीला मध्येच गाठ मारलेले बूट तिला स्पष्ट दिसले. त्याने ते काढावेत म्हणून ती मनाशी पुष्कळ वेळ झटली. इतकी वर्षे तो बुटांवाचून किती हलका, किती सुखाने वावरत असे! बूट निघाले नाहीत. ते कायमचे त्याचे झाले होते, आणि तिने ते कोणाकडून घेतले हेही तिला ठाऊक होते. तिच्या डोळ्यांत पाणी आले.

इतक्यात शेजारच्या खोलीतील फळीवर पाऊल पडले. मग दुसरे. सात वर्षे ज्याच्याबरोबर ती राहिली, त्याच्या चालण्याचा आवाज ती आज प्रथमच ऐकत होती. पावले दारापर्यंत आली. वर्नाने मागे वळून पाहिले नाही. फक्त दुसरा पेला पुढे ओढला आणि त्यात कॉफी ओतली.

ही हकिकत आपण शेवटपर्यंत वाचलीत, याबद्दल मी आपला अत्यंत आभारी आहे. लिहिण्यात जे न्यून असेल ते माझे, आणि जे गोड लागले असेल ते त्या बाईंचे.

भिकाजी गणू तोडणकर
लॉस एंजेलिस